सगळी नाणी चार आण्यांची समजा

गोविंदा, तू गेल्याची बातमी लातूरच्या पेपरांत पानभर आली. तुझा कोटातला फोटो, मागे उगवता सूर्य, आणि खाली 'गणितसूर्य मावळला'. सूर्य उगवताना दाखवायचा आणि मावळला म्हणायचं, एवढं तरी कुणी तपासायला पाहिजे होतं. तुला हसू आलं असतं, असं लिहिणार होतो, पण लिहवत नाही. गेली कित्येक वर्षं असली विशेषणं तूच लिहून घेत होतास. माझ्या ओळखीच्या गोविंदाकडे कोट नव्हता. आपल्या दोघांत मिळून एकच बरा सदरा होता, आणि तपासणीला साहेब येणार असले की ज्याचा वर्ग आधी तपासणार त्याच्या अंगावर तो चढायचा. मधल्या सुट्टीत अदलाबदल.

मेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये म्हणतात. तुमच्यात म्हणतात, आमच्यातही म्हणतात. मी रडलो, खोटं कशाला सांगू. पण तू गेलास म्हणून आपलं भांडण मिटलं, असं मी धरत नाही. भांडण अर्धवट टाकून 'चहा पिऊन येतो' म्हणत निघून जायची तुझी खोड जुनीच आहे. या वेळी फार लांब गेलास, एवढंच.

औशाच्या त्या खोलीत आपण भांडायचो ते आठवतं का? मी नांदेडच्या घड्याळजीचा पोरगा, तू जळकोटकडचा शेतकऱ्याचा. नोकरी नवी, शाळा एकच, रोज सकाळच्या एस.टी.नं शाळेच्या गावाला जायचं आणि संध्याकाळी परत यायचं. आणि भांडण कशावरून? सातवीच्या पुस्तकातल्या नाण्यांच्या गणितावरून. एका पिशवीत चार आण्यांची आणि आठ आण्यांची मिळून वीस नाणी आहेत, रक्कम सात रुपये, तर कोणती किती? पोरं वीस आणि सात मिळवायची आणि सत्तावीस लिहायची. सत्तावीस काय? तर सत्तावीस. नाणी वेगळी आणि नाण्यांची किंमत वेगळी, हे काही केल्या त्यांच्या डोक्यात शिरत नव्हतं.

मी म्हणायचो, क्ष धर. चार आण्यांची नाणी क्ष, आठ आण्यांची वीस वजा क्ष, सुटला प्रश्न. तू गादीवरून उठून बसायचास. "रफ्या, क्ष कुणी पाह्यलाय का? माझ्या पोरांनी चवन्नी पाह्यलीय. जे पाह्यलंय त्यानं सुरू कर की."

आणि तू सुरू केलंस. वीस पोरं पुढं बसवलीस. "सगळी नाणी चार आण्यांची समजा. किती झाले? पाच रुपये. पायजेत किती? सात. दोन रुपये कमी पडून राहिले." मग एकेकाला बोट दाखवून म्हणायचास, "उठ, तू अठन्नी झालास." एक उठला की चार आणे भरून निघायचे. सगळा वर्ग मोठ्यानं मोजायचा. आठवा उठला की सात रुपये पुरे व्हायचे आणि वर्ग ओरडायचा. आठ उभे, बारा बसलेले. उत्तर फळ्यावर नसायचंच, जमिनीवर असायचं. मी दारात उभा राहून बघायचो आणि जळायचो, हे तेव्हा तुला कधी सांगितलं नाही.

पाटील तणतणत आले होते तो दिवस तर मी जन्मात विसरणार नाही. त्यांचा पोरगा तीन दिवस चवन्नीच राहिला होता आणि त्यांच्याच गड्याचा पोरगा रोज अठन्नी होत होता. घरी जाऊन पोरगं रडलं. पाटील वर्गाच्या दारातून गरजले, "गुर्जी, माझं लेकरू चार आण्याचं अन् सालगड्याचं आठ आण्याचं? हे कोणतं गणित शिकवून राहिलात?" हेडमास्तरांचं तोंड पांढरं पडलं. तू शांतपणे म्हणालास, "पाटील, उद्या तुमच्याला उठवतो. गणिताला काय, कुनीबी उठलं तरी उत्तर तेच येतंय." पाटलांना ते कळलं की नाही कोण जाणे, पण दुसऱ्या दिवशी त्यांचा पोरगा अठन्नी झाला म्हणून त्यांनी शाळेला पेढे पाठवले. आपण दोघांनी एस.टी.त बसून त्यातले उरलेले खाल्ले आणि औसा येईपर्यंत हसलो.

मग गणपती विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी पहाटे जमीन हलली. आपण औशाला राहत होतो म्हणून वाचलो. यात आपली काही पुण्याई नव्हती, गावात भाड्याची खोली मिळाली नव्हती एवढंच. त्या दिवसांबद्दल मी लिहीत नाही. तूही कधी बोलला नाहीस, आणि पुढे तुझ्या क्लासच्या माहितीपत्रकात 'भूकंपग्रस्त विद्यार्थ्यांचे आधारवड' असं छापून आलं तेव्हा मला ते वाचून ओकारी आली होती. पण पत्र्याच्या शेडमधला तो पहिला दिवस मला लिहायचा आहे, कारण तो कुठल्याच माहितीपत्रकात नाही.

शेडमध्ये ऊन तापत होतं. पोरं नुसती बसून होती. काय शिकवावं हे मला सुचत नव्हतं, तुलाही नसणार. तू सवयीनं म्हणालास, "चला, नाणी व्हा." पोरं उठली आणि ओळीनं बसली. बसून झाल्यावर एक मुलगी, ती कुंभाराची शांता, बोटानं मोजत म्हणाली, "गुर्जी, नाणी कमी हायत."

किती कमी, ते मी लिहीत नाही. तुला पाठ होतं, मलाही आहे. तू शेडच्या बाहेर गेलास. मला वाटलं, आता काही हा परत आत यायचा नाही. पण तू आलास, तोंड धुऊन आलास, आणि गणित बदललंस. जेवढी पोरं समोर होती तेवढीच नाणी धरलीस, रक्कम नव्यानं बेतलीस, आणि प्रत्येक पोराला एकदा तरी उठायला मिळावं म्हणून तेच गणित तीन वेगळ्या रकमांनी घातलंस. शांताला शेवटी उठवलंस. ती उठली आणि पत्र्याखालचा तो वर्ग पहिल्यांदा ओरडला. त्या दिवशी मी तुला मनातल्या मनात सलाम केला. माझ्यापेक्षा तू मोठा मास्तर आहेस, हे तेव्हाच कबूल केलं होतं आणि आजही करतो.

म्हणून तर जास्त राग येतो. जो मुळातच सुमार असतो त्याच्यावर कोण चिडतं?

पुढचं सगळं लातूरला ठाऊक आहे. तू नोकरी सोडलीस, एका खोलीत क्लास काढलास, मग मजला घेतलास, मग इमारत बांधलीस. माझी बदली नांदेडला झाली. गल्लीगल्लीत क्लास निघाले, खांबाखांबावर पोरांचे फोटो लागले, सगळा मराठवाडा लातूरला पोरं पाठवू लागला. मी तुझ्यावर हसायचो, पण तुझ्या शेडमधल्या चार पोरांना तू फी न घेता शिकवलंस, ती आज कुठल्या कुठे आहेत, हे मी नाकारत नाही. त्यांच्यातला एक डॉक्टर होऊन तुला शेवटपर्यंत तपासत होता. हे सगळं तुझ्या बाजूनं लिहून ठेवतो.

आता नसरीनचं.

माझ्या मुलीचं आणि तुझं मेतकूट वेगळंच होतं. तू नांदेडला आलास की माझी अम्मी तुझ्यासाठी खिचडी-खट्टा करायची आणि नसरीन तुझ्या मांडीवरून हलायची नाही. घरात आम्ही दखनी बोलतो, पण ती गणित मराठीतच करायची, कारण ते तू शिकवलंस. चहाचे कप उपडे घातले की चार आणे, सुलटे केले की आठ आणे. अम्मी ओरडायची, "अरे, कप फोडतील ही दोघं!" नसरीन सगळे कप उपडे करून विचारायची, "सगळी चार आण्यांची समजायची ना, चाचा?" तू म्हणायचास, "हाव. आधी सगळ्यांना सारखं समजायचं." ती जेमतेम सात वर्षांची असेल. शाळेत हे गणित यायच्या कितीतरी आधी तिला ते येत होतं.

आठवीत तूच तिला मागून नेलंस. "रफ्या, पोरगी मला दे. माझ्या घरी राहील, माझ्या हाताखाली शिकंल. डॉक्टर करून पाठवतो." सुलोचनावहिनींनी तिच्यासाठी खिडकीजवळची खाट रिकामी करून ठेवली. मी बिनघोर होतो. दुसऱ्याच्या घरी पोरगी ठेवली, असं मला एकदाही वाटलं नाही.

दिवाळीच्या सुट्टीत ती आली आणि म्हणाली, "मी परत जाणार नाही." का, ते सांगेना. चार दिवसांनी तिच्या आईला सांगितलं, आईनं मला.

तुझ्या क्लासात तुकड्या पाडायची परीक्षा होती. तासाभरात प्रश्नांचा डोंगर, प्रत्येकाला चार पर्याय. वरची तुकडी खाली गार हवेच्या हॉलमध्ये, तू स्वतः शिकवणार. खालची तुकडी गच्चीवर, नव्या पोरसवदा मास्तरांकडे. गच्चीवर पत्रे होते, गोविंदा. पत्रे टाकताना तुझा हात कसा थरथरला नाही, याचं मला अजून नवल वाटतं.

त्या परीक्षेत नाण्यांचं गणित होतं. नसरीननं ते तुझ्या रीतीनं केलं. कागदाच्या कडेला ठिपक्यांची ओळ काढली, सगळी चार आण्यांची समजली, एकेक ठिपका वर उचलला. उत्तर बरोबर आलं. पण त्यात, आणि बाकीच्या गणितांतही, अशाच सावकाशीनं, तिचा वेळ गेला आणि शेवटचे प्रश्न राहिले. ती गच्चीवर गेली. यालाही माझी हरकत नव्हती. नियम म्हणजे नियम, घरची म्हणून वर बसवलं नाहीस, हे मी समजू शकतो.

पण तू सगळ्या पोरांना हॉलमध्ये बसवून तिचा कागद वर धरलास. नाव झाकून धरलास, एवढी मेहरबानी केलीस. पण अक्षर तिच्या बाजूला बसणाऱ्या पोरींना ओळखू येत होतं. तू म्हणालास, "हे बघा. ठिपके मांडून बसलंय कुणीतरी. पर्याय समोर दिलेत, मधला एखादा उचला, बसवून बघा, जास्त आलं तर खालचा घ्या. दहा सेकंदांचं काम. ही बालवाडीची रीत कुणी शिकवली असंल यांना?"

हॉल हसला.  नसरीनच्या डोळ्यांसमोर तू हसत होतास, ती म्हणाली. तिला उठून 'तुम्हीच' म्हणता आलं असतं. पण त्या रात्री तुझ्याच घरी, तुझ्याच पंक्तीला जेवायचं होतं. ती जेवली. वहिनींनी विचारलं, 'आज गप्प का गं?' आणि तू पोळी मोडत म्हणालास, 'अभ्यासाचा ताण असंल.'

मी दुसऱ्या दिवशी पहिल्या गाडीनं लातूरला आलो. तुझ्या केबिनच्या काचेतून तू मला पाहिलंस आणि तुला कळलं, मी कशासाठी आलोय.

"गोविंदा, तुला माहीत होतं तो कागद कुणाचा होता?"

"हाव."

"आणि रीत कुणाची होती?"

तू पेनाचं टोपण काढलंस, लावलंस. "रफ्या, तू जिल्हा परिषदेत बसून बोलून राहिलास. इथं पोराला डॉक्टर व्हायचं असतं, नाणी मोजायची नसतात. माझ्या रीतीनं गेलं तर माझ्या एकाबी पोराचा नंबर लागायचा न्हाई."

"मग 'ही माझी जुनी रीत, आता वेळ नाही म्हणून सोडली' असं सांगायचं होतंस. ती पोरगी तुझ्या घरात राहते रे!"

"एका वाक्यानं कुणी शिक्षण सोडत न्हाई. लई हळवी केलीस तिला."

म्हणजे चूक माझी ठरली. बाहेर तुझे चार मास्तर ताटकळत होते. तू उठून म्हणालास, "चहा घेऊन येतो." मी थांबलो नाही.

एका वाक्यानं शिक्षण सोडत नाहीत, हे खरं. नसरीन शिकली, बारावी झाली, पदवी घेतली. पण गणित तिनं पुन्हा हातात धरलं नाही. आज ती धर्माबादला आहे, नवऱ्याबरोबर मिरचीचा व्यापार सांभाळते, सुखात आहे, दोन लेकरं आहेत. तिच्या आयुष्याचं वाटोळं झालं, असं मी म्हणणार नाही. वाटोळं झालं ते फक्त एका गोष्टीचं. जिला गणित करताना हसू यायचं, तिला नंतर घाम यायला लागला. तुझ्या यादीत असल्या नुकसानीला रकाना नव्हता.

त्यानंतर ईदला तुझा फोन, दिवाळीला माझा. तब्येत, पाऊस, पोरं. आपण दोघंही त्या एका जागेवरून पाय उचलून चालायचो.

दवाखान्यात तुला भेटलो तेव्हा तुझा चेहरा पुन्हा औशाच्या खोलीतल्यासारखा बारीक झाला होता. वहिनी बाहेर गेल्या तसं मी विषय काढला. आजारी माणसापाशी काढू नये, हे मला कळत होतं, पण दुसरी वेळ येईल याची खात्री नव्हती. मी म्हणालो, "नसरीनला एकदा फोन कर. 'रीत माझी होती', एवढंच सांग."

"ती विसरली असंल आता."

"नाही विसरली."

तू नजर छताकडे वळवलीस. मग म्हणालास, "रफ्या, त्या दिवशी 'मीच' म्हणालो असतो, तर पोरांनी इचारलं असतं, मंग सर आता दुसरंच का शिकवून राहिलेत? काय सांगितलं असतं मी? फी घेतली म्हणून?"

इतक्या वर्षांत तू खरं बोललास ते एवढंच. मला तुझा हात धरावासा वाटला आणि मी धरला. पण मी मागणं सोडलं नाही. "हे मला नको सांगू. तिला सांग."

"हाव, बोलतो तिला."

त्यानंतर तू कितीतरी दिवस शुद्धीत होतास. पेपरवाल्यांशी बोललास, क्लासच्या नव्या शाखेच्या उद्घाटनाला चित्रफितीवरून आशीर्वाद दिलास. धर्माबादला फोन गेला नाही. मी रोज तिला विचारायचो नाही, पण तिच्या आवाजावरून कळायचं.

शोकसभेला मी तिला बोलावलं नव्हतं. ती आपण होऊन आली, लेकरांना सासूकडे ठेवून. तोच हॉल, गच्च भरलेला. एक मंत्री येऊन गेले. तुझा मुलगा बोलला, डॉक्टर झालेली पोरं बोलली, तुझ्या क्लासचा एक तरुण मास्तर 'सरांची पर्याय-पद्धत' म्हणून दहा मिनिटं गहिवरला. संयोजकांनी मला दोनदा बोलायची खूण केली. मी नकारार्थी मान हलवली. तोंड उघडलं असतं तर वहिनींसमोर नको ते बोलून बसलो असतो.

मग निवेदकानं विचारलं, आणखी कुणाला दोन शब्द बोलायचेत का, आणि माझ्या शेजारची नसरीन उठली.  ती पुढे गेली नाही, जागेवरूनच बोलली. 

"मी या क्लासात थोडे महिने होते. याच हॉलमध्ये सरांनी एकदा विचारलं होतं, नाण्यांचं गणित ठिपके मांडून करायची ही रीत कुणी शिकवली? तेव्हा मला बोलता आलं नाही. सर, ती रीत तुम्ही शिकवली होती. आमच्या घरी येऊन, चहाच्या कपांवर. मी लहान होते. तुमच्यासारखं कुणीच शिकवलं नाही मला."

ती बसली. 

आणि मग टाळ्या पडल्या, गोविंदा. शोकसभा आहे हे विसरून पोरांनी टाळ्या वाजवल्या. तुझा मुलगा डोळे पुसत होता. तो तरुण मास्तर आमच्याकडे वाकून म्हणाला, "किती सुंदर आठवण सांगितलीत, मॅडम, आमच्या पेजवर टाकू का?" त्यांना वाटलं, ती तुझं कौतुक करून राहिली. ती करतही होती. पण त्याच वाक्यात तिनं तुझ्यावर जो ठपका ठेवला, तो तिथं एकालाही कळला नाही.

नसरीननं माझ्याकडे पाहिलं. टाळ्या थांबेनात. एवढ्या माणसांत लाजेनं मान खाली घालायला हवा होता तो एकच जण, आणि तो आदल्या आठवड्यातच सुटला होता.